बोलपटाचा कान

ध्वनिप्रदूषणाविषयींच्या २००० सालच्या नियमांप्रमाणें रुग्णालयाभोंवतींचा निदान शंभर मीटरांचा परिसर शांतता क्षेत्र ठरवितां येतो. तेथें आवाजाची मर्यादा दिवसा ५० डेसिबल आणि रात्रीं ४० डेसिबल आहे. नागपूरच्या धंतोली भागांत आतां रुग्णालयांची इतकी दाटी झाली आहे कीं, ह्या हिशेबानें त्या वस्तीचा बराच भाग शांततेचाच म्हणावयास हवा. प्रत्यक्षांत काय ऐकूं येतें तें धंतोलीकर जाणतात. सायंकाळीं रामकृष्ण मठांतील आरतीचे स्वर येतात, त्यांतच वर्ध्याच्या रस्त्यावरील वाहनांचे कर्णे मिसळतात, आणि पूर्वेकडून अजनीच्या दिशेनें जाणाऱ्या आगगाडीची शीळ मधूनमधून ह्या सर्वांना छेद देऊन जाते. तरीही अशाच वेळीं तेथील एखाद्या ओट्यावर दोन वृद्ध गृहस्थ गप्पा मारीत बसले, तर त्यांच्या संभाषणांत खंड पडत नाहीं. एकाला दुसऱ्याचे शब्द तेवढे ऐकूं येतात. बाकीचा कोलाहल कानांवर पडतो, परंतु मनापर्यंत पोंचत नाहीं.

त्या दोघांच्या मध्यें ध्वनिग्राहक यंत्र ठेवलें, तर तें मात्र असा भेद करणार नाहीं. मित्राचा शब्द, मोटारीचा कर्णा आणि पलीकडच्या स्वयंपाकघरांत पडलेलें भांडें हीं सर्व तें सारख्याच निष्ठेनें टिपून घेईल. कान निवडतो, यंत्राला निवडतां येत नाहीं. जी निवड मनुष्याचा कान न सांगतां करतो, ती चित्रपटांत कोणीतरी मुद्दाम करावी लागते. चित्रपटांतील ध्वनीची सारी कला ह्या एका अडचणींतून जन्मास आली आहे. ध्वनि मिळविण्याचें काम शास्त्रानें केव्हांच सोपें केलें. कोणता ध्वनि वगळावा, हा प्रश्न अद्याप प्रत्येक चित्रपटाबरोबर नव्यानें उभा राहतो.

आकाशवाणीच्या श्रोत्याला हें चटकन् पटण्यासारखें आहे. नागपूर केंद्र १९४८ सालीं सुरू झालें, तेव्हांपासून ह्या शहराला डोळे मिटून ऐकण्याचा अवसर मिळाला. दाराची कडी वाजली कीं घर उभें राहतें आणि रहाट करकरला कीं विहीर दिसूं लागते, हें नभोनाट्याच्या श्रोत्याला कोणी शिकवावें लागत नाहीं. चित्रपटाचा प्रेक्षक मात्र आपण केवळ पाहत आहों अशा समजुतींत असतो, आणि त्याची ही समजूत मोडूं न देतां त्याच्या कानांवर काम करणें हेंच ध्वनिमुद्रकाचें कसब होय.

मूकपटाला मूक म्हणण्याचा प्रघात आहे, परंतु मूकपटाचें नाट्यगृह कधींच मूक नव्हतें. पडद्यासमोर पेटी-तबल्याची साथ चाले, अक्षरें न येणाऱ्यांसाठीं पाट्यांवरील मजकूर मोठ्यानें वाचला जाई, आणि प्रेक्षकांच्या शिट्ट्या व उद्गार ह्यांचें पार्श्वसंगीत तर फुकटच मिळे. नव्हता तो चित्रांतला आवाज. तोसुद्धां कुशल दिग्दर्शक डोळ्यांच्या वाटेनें ऐकवीत. कोल्हापूरच्या बाबुराव पेंटरांनीं १९२५ सालीं ‘सावकारी पाश’ काढला. कर्जापायीं जमिनीला मुकलेल्या शेतकऱ्याची ती कथा होती. तींतील एक दृश्य जाणकारांनीं पुढें कित्येक वर्षें आठवणींत जपलें: अंधुक उजेडांत एक उदास झोंपडी, आणि तिच्यापाशीं गळा काढून रडणारें कुत्रें. कुत्र्याचा आवाज अर्थातच नव्हता. परंतु तो ज्यांना ऐकूं आला नाहीं असे प्रेक्षक थोडेच असतील. त्या चित्रपटांत तरुण शेतकऱ्याची भूमिका व्ही. शांताराम यांनीं केली होती. पुढें बारा वर्षांनीं ह्याच गृहस्थांनीं आवाज हातीं असतांना तो कोठें आवरावा ह्याचा धडा घालून दिला, तेव्हां त्या न ऐकूं आलेल्या रडण्याचा ठसा त्यांच्या मनावर राहिला असावा असा तर्क करण्यास हरकत नाहीं.

बोलपटाची विद्या बाहेरून आली. अमेरिकेंत ६ ऑक्टोबर १९२७ रोजीं ‘द जाझ सिंगर’ प्रकाशित झाला, त्याचा आवाज तबकड्यांवर होता. चित्र एका यंत्रावर आणि तबकडी दुसऱ्यावर अशी ती जोडी असे. फीत तुटून चार चित्रें कापलीं गेलीं कीं पात्राचे ओठ पुढें आणि शब्द मागें, अशी फजिती होई. ह्यावर उपाय निघाला तो ध्वनीचेंच छायाचित्र काढण्याचा. ध्वनीच्या कंपांचें विजेच्या कंपांत आणि त्यांचें प्रकाशाच्या कमीअधिकपणांत रूपांतर करून तो प्रकाश फितीच्या कडेला एक दशांश इंच रुंदीच्या पट्टींत उमटवावयाचा. चित्रगृहांत त्याच पट्टींतून प्रकाश पार होतो, प्रकाशविद्युत्-घटावर पडतो, त्याची पुन्हां वीज होते आणि वीज कर्ण्यांतून बोलूं लागते. चित्राची फीत भिंगापुढें थांबत-थांबत सरकते. ध्वनीला मात्र असा ठेचाळता प्रवास मानवत नाहीं, त्याला अखंड धांव लागते. म्हणून ध्वनीची पट्टी आपल्या चित्राहून सुमारे वीस चौकटी पुढें छापलेली असते. एखाद्या तुकड्यावर नायिकेचें तोंड उघडें दिसावें आणि त्याच्या शेजारींच छापलेला ध्वनि तिच्या पुढल्या शब्दाचा असावा, अशी ही गंमत आहे. वेगाचाही प्रश्न येथेंच सुटला. मूकपटाच्या काळीं हातानें दांडी फिरविणारा मनुष्य आपल्या लहरीप्रमाणें वेग ठेवी; बोलपटानें सेकंदाला चोवीस चौकटींचा नियम घालून दिला, कारण वेग बदलला कीं स्वर बदलतो, आणि बेसूर गायन प्रेक्षक क्षणभरही सहन करीत नाहीं.

मुंबईच्या मॅजेस्टिक चित्रगृहांत १४ मार्च १९३१ रोजीं अर्देशीर इराणी यांचा ‘आलम आरा’ झळकला आणि हिंदी पडदा बोलूं लागला. त्या चित्रपटाच्या निर्मितीची हकीकत श्रोत्यांनीं अवश्य लक्षांत ठेवावी. त्यांच्या यंत्रांत चित्र आणि ध्वनि एकाच फितीवर एकाच वेळीं उमटत. मागाहून आवाज धुऊन काढण्याची किंवा नवा भरण्याची सोय नव्हती. कलागृहाजवळून आगगाड्या जात. म्हणून गाड्यांची वर्दळ थांबे त्या रात्रींच्या प्रहरांतच बरेचसें चित्रण उरकावें लागे. वादक पडद्यावर दिसूं नयेत म्हणून आडोशाला बसत, आणि ध्वनिग्राहक यंत्र नटांच्या आसपास कोठेंतरी दडविलेलें असे. प्रेक्षकांनीं राजपुत्राची अद्भुत कथा पाहिली. तिच्या प्रत्येक शब्दामागें, गाडी येऊं नये म्हणून जीव मुठींत धरून उभे असलेले लोक त्यांना दिसले नाहींत. धंतोलीकराला हें अधिक समजेल, कारण रुळांशेजारची शांतता किती मिनिटांची असते तें त्याला अनुभवानें ठाऊक असतें.

आवाज आल्याबरोबर आणखी एक प्रश्न उभा राहिला, आणि तो जिव्हेचा होता. ‘आलम आरा’चे नायक मास्टर विठ्ठल हे मूकपटांतील लोकप्रिय नट. तलवारबाजींत त्यांचा हात धरणारा कोणी नव्हता. परंतु मराठी वळणाच्या जिभेला उर्दू संवाद पेलेनात, म्हणून कथेंत त्यांना बराच वेळ गुंगींत ठेवण्यांत आलें, असें सांगितलें जातें. मूकपटाला भाषा नव्हती, त्यामुळें त्याला परका प्रांतही नव्हता. बोलपटानें एका रात्रींत प्रत्येक नटाला त्याचें गांव विचारावयास आरंभ केला.

कोल्हापुरांत १ जून १९२९ रोजीं स्थापन झालेल्या प्रभात फिल्म कंपनीनें आरंभीं मूकपटच काढले. बोलपट म्हणजे चार दिवसांची नवलाई, असें शांतारामांचें प्रथम मत होतें. मत बदलावयास फार काळ लागला नाहीं. १९३२ सालीं प्रभातनें ‘अयोध्येचा राजा’ मराठींत व हिंदींत काढला. दादासाहेब फाळक्यांनीं १९१३ सालीं हरिश्चंद्राच्याच कथेनें मूकपटाचा श्रीगणेशा केला होता. आतां तोच सत्यवचनी राजा प्रत्यक्ष बोलूं लागला. फाळक्यांना तारामतीच्या भूमिकेसाठीं स्त्री मिळाली नव्हती, म्हणून अण्णा साळुंके ह्या तरुणाला लुगडें नेसवावें लागलें. मूकपटांत तें खपून गेलें. बोलपटांतील तारामती झाल्या दुर्गाबाई खोटे, आणि त्यांचीं गाणीं त्यांनीं स्वतःच्याच गळ्यानें गाइलीं. हरिश्चंद्र झाले गोविंदराव टेंबे. संगीतही त्यांचेंच होतें.

ह्या सर्व कामांत ज्यांचें नांव प्रेक्षकांच्या तोंडीं फारसें आलें नाहीं ते विष्णुपंत दामले. बाबुराव पेंटरांच्या हाताखालीं ते तयार झाले. १९१८ च्या सुमारास कोल्हापुरांत देशी कॅमेरा घडविला गेला, त्याला दामल्यांचेही हात लागले होते. प्रभातमध्यें ध्वनिमुद्रणाचें खातें त्यांनीं अंगावर घेतलें. चित्रकार, सुतारकामांत कुशल, यंत्रांत रमणारा असा हा मनुष्य. विद्यालयांत ध्वनिशास्त्र शिकलेला नव्हे. परदेशी यंत्र आणावयाचें, तें उघडावयाचें, आणि तें जें बोलेल तें ऐकत बसावयाचें, ह्याखेरीज दुसरी शाळा त्या काळीं नव्हतीच.

अडचण निराळीच होती. महाराष्ट्राजवळ संगीत नाटकाची पन्नास वर्षांची कमाई होती. अण्णासाहेब किर्लोस्करांच्या १८८० सालच्या शाकुंतलापासून रसिकांचा कान पदांवर पोसला होता. बोलपट आला तेव्हां ही सारी संपत्ति त्याच्या दारांत येऊन पडली, आणि तिच्या ओझ्याखालीं तो वांकलाही. कॅमेरा एका जागीं खिळला, कारण त्याची घरघर यंत्राला ऐकूं येऊं नये. नट ध्वनिग्राहकाच्या कक्षेंत घोटाळूं लागले. आणि प्रसंग असो वा नसो, पद आलेंच. मूकपटानें वीस वर्षांत मिळविलेली चपळाई बोलपटानें पहिल्या दोन वर्षांत गमावली असें म्हटलें तर तें फार कठोर होणार नाहीं. ही तक्रार केवळ इकडची नव्हती. रशियांतील आयझेन्स्टाइन, पुडोव्हकिन व अलेक्झांड्रॉव्ह ह्या तिघांनीं १९२८ सालींच एक पत्रक काढून बजावलें होतें कीं, दिसतें तेंच पुन्हां ऐकवूं नका. चित्र आणि ध्वनि ह्यांना परस्परांवर आघात करूं द्या. हिचकॉकनें १९२९ च्या ‘ब्लॅकमेल’मध्यें तें करूनही दाखविलें. हातून खून घडलेली एक मुलगी सकाळीं न्याहारीला बसली आहे, शेजारीण बडबडत आहे, आणि तिची बडबड हळूहळू अस्पष्ट होत जाऊन फक्त ‘सुरी’ हा एक शब्द तेवढा स्पष्ट ऐकूं येतो. यंत्राला निवडतां येत नाहीं असें वर म्हटलें. येथें यंत्राच्या मागील माणसानें त्या मुलीच्या भेदरलेल्या कानासाठीं निवड केली.

प्रभात १९३३ मध्यें पुण्यास आली. १९३६ सालीं दामले आणि फत्तेलाल ह्यांनीं दिग्दर्शिलेला ‘संत तुकाराम’ प्रकाशित झाला. त्याच्या पुढल्याच वर्षीं व्हेनिसच्या महोत्सवांत त्याचा गौरव झाला. दोन्ही दिग्दर्शकांपैकीं एक ध्वनिमुद्रक होता ही गोष्ट त्या चित्रपटाच्या कीर्तींत बहुधा विसरली जाते. त्यांतील गाणें हें विष्णुपंत पागनिसांच्या तुकारामाचें बोलणेंच आहे. तो गातां गातां राहतो, राबतो, आणि श्रोत्याला पद सुरू केव्हां झालें तें कळत नाहीं. ह्या चित्रपटाचें संगीत केशवराव भोळ्यांचें. आणि ह्याच केशवरावांनीं लागलीच दुसऱ्या वर्षीं शांतारामांबरोबर अगदीं उलट्या टोकाचें काम केलें.

तो चित्रपट म्हणजे १९३७ चा ‘कुंकू’. ना. ह. आपटे यांच्या ‘न पटणारी गोष्ट’ ह्या कादंबरीवरून तो घेतला होता. हिंदींत तो ‘दुनिया न माने’ ह्या नांवानें निघाला. पोरक्या नीरेला तिचा मामा फसवून एका वृद्ध विधुर वकिलाच्या गळ्यांत बांधतो. ती लग्न मानीत नाहीं. ती पळून जात नाहीं, जीव देत नाहीं, रडून दया मागत नाहीं; त्याच घरांत राहून, त्या म्हाताऱ्याची बायको होण्याचें नाकारते. शांता आपटे यांची नीरा आणि केशवराव दाते यांचे काकासाहेब. घर म्हणजे चार भिंती, एक आत्याबाई, आणि दिवसभर चालणाऱ्या बारीकसारीक कुरबुरी.

अशा कथेला त्या काळच्या रीतीप्रमाणें पार्श्वसंगीत दिलें असतें, तर काय झालें असतें ह्याची कल्पना सहज करतां येते. नीरा दिसली कीं सारंगी आणि म्हातारा दिसला कीं कांहीं तरी खर्जांतलें. प्रेक्षकांनीं दोन अश्रु ढाळले असते आणि मोकळ्या मनानें घरीं गेले असते. पार्श्वसंगीत पुष्कळदां प्रेक्षकाच्या वतीनें रडतें, आणि त्याला स्वतः विचार करण्याच्या त्रासांतून सोडवितें. शांतारामांनीं आणि भोळ्यांनीं तें संगीतच काढून टाकलें. गाणीं ठेवलीं, परंतु तीं पात्रांच्या तोंडून व प्रसंगाच्या गरजेनें. त्यांतील एक तर नीरा इंग्रजींत गाते, लाँगफेलोची कविता. गाण्यांखेरीज जें ऐकूं येतें तें त्या घरांतलेंच: पावलें, दारें, भांडीं, रस्त्यावरून येणारा आवाज, आणि घड्याळ.

घड्याळाविषयीं थोडें सांगितलें पाहिजे. काकासाहेबांच्या घरांत भिंतीवर एक जुनें लंबकाचें घड्याळ आहे. तें त्या म्हाताऱ्याच्याच वयाचें वाटावें असें आहे, आणि त्यालाही त्याच्यासारखीच डागडुजी लागते. घड्याळाची टिकटिक हा घरांतला सर्वांत लक्षांत न येणारा आवाज. कोणी बोलत असेल तोंवर तो नसल्यासारखाच असतो. ‘कुंकू’मध्यें बोलणें संपतें, संगीत येत नाहीं, आणि मग तो लंबक ऐकूं येऊं लागतो. म्हाताऱ्याला तो आपलें उरलेलें आयुष्य मोजतो आहे असें वाटतें. तरुण मुलीलाही तो आयुष्यच मोजून दाखवितो, परंतु तिचें तें अद्याप सुरूही झालेलें नाहीं. एकच आवाज, ऐकणारे कान दोन, आणि त्यांच्यामधलें अंतर हाच त्या चित्रपटाचा विषय. त्यासाठीं एकही शब्द खर्चीं पडलेला नाहीं. साऱ्या वाद्यवृंदाला जें साधलें नसतें तें एका भिंतीवरच्या जिनसेनें साधलें.

ह्यांत धाडस किती होतें तें आज ध्यानीं येणें कठीण आहे. प्रेक्षक गाणीं ऐकावयास पैसे देत होता. ध्वनियंत्राला नुकताच कोठें कंठ फुटला होता, आणि नव्या वस्तूचा उपयोग होईल तितका करावा हा मनुष्यस्वभाव आहे. ज्याच्या हातीं नवें हार्मोनियम येतें तो मध्यें थांबावयास तयार नसतो. प्रभातच्या मंडळींनीं पांच वर्षांतच थांबून दाखविलें.

पुढील इतिहास मात्र थांबण्याचा नाहीं. १९३५ सालीं कलकत्त्याच्या न्यू थिएटर्सनें ‘धूप छांव’मध्यें पार्श्वगायनाची पद्धत आणली. गाणें आधीं मुद्रित करावें आणि नटानें मागाहून ओठ हलवावेत, अशी ती सोय. तिनें कॅमेऱ्याचे पाय मोकळे केले, आणि गाणाऱ्याला त्याच्या देहापासून वेगळें केलें. ह्या वेगळेपणाची एक विलक्षण खूण ‘महल’ (१९४९) ह्या चित्रपटाच्या ध्वनिमुद्रिकेवर राहिली आहे. लता मंगेशकरांच्या गाजलेल्या गीतावर गायिका म्हणून नांव छापलें गेलें तें ‘कामिनी’, म्हणजे चित्रपटांतल्या पात्राचें. साऱ्या देशानें आवाज ऐकला आणि तो कोणाचा हें विचारावें लागलें.

गाण्यामागोमाग संवादही देहापासून सुटले. चुंबकीय फीत आली, हलके कॅमेरे आले, चित्रण घराबाहेर पडलें. हे कॅमेरे घरघर करीत आणि बाहेर गर्दी आवरेना. म्हणून संवाद मागाहून बंद खोलींत पुन्हां म्हणून घेण्याचा प्रघात पडला. नट पडद्यावर आपलेंच तोंड पाहून त्यांत शब्द बसवी. पावलांचे, बांगड्यांचे, कपड्यांच्या सळसळीचे आवाज करणारे कारागीर वेगळे असत. वाळूच्या पेटींत चालून ते नायकाला वाळवंटांत नेत. त्यांच्या हस्तकौशल्याला कमी लेखण्याचें कारण नाहीं. परंतु ह्या पद्धतींत एक गोष्ट हरवली. शेतांत, आगगाडींत आणि न्यायालयांत उभीं असलेलीं सर्व पात्रें एकाच गादी ठोकलेल्या खोलींतून बोलूं लागलीं. जागेला स्वतःचा आवाज असतो, हेंच विसरलें गेलें.

ध्वनिमुद्रकांच्या व्यवहारांत ह्या जागेच्या आवाजाला फार मान आहे. एखाद्या खोलींतील प्रसंग चित्रित झाला कीं ते सर्वांना स्तब्ध उभे राहावयास सांगतात आणि अर्धा-एक मिनिट कांहींच न बोलतां मुद्रण करतात. त्यांत पंखा असतो, भिंतींचा पोकळपणा असतो, दूरची वाहतूक असते. संवादांच्या तुकड्यांत जेथें फट पडते तेथें ही ‘शांतता’ भरावी लागते. निव्वळ आवाज बंद केला, तर प्रेक्षक दचकतो आणि यंत्र बिघडलें असें समजतो. एका खोलीची शांतता दुसरीला चालत नाहीं.

२००१ च्या ‘लगान’नंतर चित्रणाच्या जागींच संवाद मुद्रित करण्याची पद्धत हिंदींत पुन्हां रूढ होऊं लागली, आणि मराठींत तिचें मोल दाखविलें तें चैतन्य ताम्हाणे यांच्या ‘कोर्ट’नें (२०१४). व्हेनिसलाच त्याला पुरस्कार मिळाला. त्यांतील वृद्ध लोकशाहीर नारायण कांबळे ह्यांची भूमिका नागपूरचे कार्यकर्ते आणि ‘विद्रोही’चे संपादक वीरा साथीदार यांनीं केली. ते १३ एप्रिल २०२१ रोजीं नागपुरांत करोनानें निवर्तले. कथेंत शाहिरावर आरोप असा कीं, त्याचें गाणें ऐकून गटार साफ करणाऱ्या एका कामगारानें जीव दिला. म्हणजे येथें गाणें हाच गुन्हा आहे. आणि ज्या न्यायालयांत ह्या आवाजाचा न्याय व्हावयाचा, तेथें न्यायाधीश प्रत्येकाचें म्हणणें स्वतःच्या सपाट, संथ वाक्यांत टंकलेखकाला सांगतात. साक्षीदाराचा कंप, वकिलाचा संताप आणि शाहिराचा पहाडी सूर ह्या सगळ्यांची एकसारखी नोंद होऊन जाते. पार्श्वसंगीतानें हा अन्याय कोणाला समजावून दिलेला नाहीं. शेवटीं न्यायालयाला सुटी लागते, दिवे मालवतात, पडदा काळोखा होतो. मग सहलीला गेलेले न्यायाधीश बांकावर डुलकी घेत असतां मुलें एकदम ओरडून त्यांना दचकवितात, आणि ते हाताशीं सांपडलेल्या एका मुलाला थप्पड मारतात. साऱ्या चित्रपटांत त्यांना जागें करणारा आवाज तेवढा एकच.

नागराज मंजुळे यांच्या ‘फँड्री’ (२०१३) मध्यें आवाजाचा असाच एक प्रसंग आहे. जब्याचें कुटुंब गांवासाठीं डुकरें धरीत आहे. डुक्कर आतां हातीं लागणार, इतक्यांत शाळेंतून राष्ट्रगीत सुरू होतें. सगळे जागच्या जागीं ताठ उभे राहतात, आणि डुक्कर निघून जातें. हंसूं येतें, आणि लगेच तें घशांत अडकतें. कारण ह्या माणसांना गांव कशासाठींही उभें करीत नाहीं, त्यांना उभें करणारा तो एकच सूर आहे. त्याच दिग्दर्शकाच्या ‘सैराट’चें (२०१६) संगीत अजय-अतुल यांनीं हॉलिवूडच्या ध्वनिमुद्रणगृहांत पाश्चात्त्य सिंफनी वाद्यवृंदासह मुद्रित केलें. मराठी पडद्यावर वाद्यांची एवढी समृद्धि पूर्वीं क्वचितच ऐकूं आली असेल, आणि तरुण प्रेक्षक त्या गाण्यांवर चित्रगृहांत नाचले. तोच चित्रपट संपतो तो संपूर्ण नि:शब्द. आर्ची आणि परश्या मारले गेले आहेत. त्यांचें लहानगें मूल शेजारणीबरोबर दारांत येतें, पाहतें, रडतें, आणि माघारीं फिरून चालूं लागतें. रडणें ऐकूं येत नाहीं. फरशीवर तांबडीं पावलें उमटत जातात. नाचलेले प्रेक्षक ज्या शांततेंत उठून बाहेर पडले ती त्यांनीं बरोबर आणलेली नव्हती; दिग्दर्शकानें ती आधींच्या सगळ्या वाद्यांच्या बळावर उभारली होती. बाबुराव पेंटरांना आवाज नव्हता म्हणून कुत्र्याचें रडणें डोळ्यांनीं ऐकवावें लागलें. मंजुळ्यांजवळ जगांतले सगळे आवाज होते, आणि त्यांनीं मुलाचें रडणें डोळ्यांसाठींच राखून ठेवलें.

हे चित्रपट आज पाहतां येतात, हीही साधी गोष्ट नव्हे. ‘आलम आरा’ची एकही प्रत आज उपलब्ध नाहीं. ध्वनि फितीच्या कडेलाच असल्यामुळें चित्र गेलें कीं आवाजही त्याबरोबर जातो. रात्रींच्या त्या प्रहरांत आगगाड्या चुकवून मिळविलेले शब्द असे कायमचे गेले. १९६४ सालीं पुण्यांत राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झालें, तेव्हां पुष्कळ मूकपट व आरंभींचे बोलपट आधींच नाहींसे झाले होते. जुन्या नायट्रेट फितींतील चांदी काढून घेण्यासाठीं त्या वितळविल्याही जात. २००३ च्या जानेवारींत पुण्याच्या एका कोठारांतील नायट्रेट फितींना आग लागली आणि आणखी कांहीं ठेवा जळाला. ‘कुंकू’ वांचला आहे. प्रभातच्या ज्या जागेंत त्याचें घड्याळ वाजलें तेथें १९६० पासून फिल्म इन्स्टिट्यूट आहे, आणि तेथें ध्वनिमुद्रण शिकविलें जातें.

तेथील एखादा विद्यार्थी रात्रीं दोनच्या सुमारास धंतोलींतल्या एखाद्या गल्लींत यंत्र घेऊन उभा राहिला आणि त्यानें अर्धा मिनिट नुसती शांतता मुद्रित केली, तर फितीवर रुग्णालयाच्या विजेच्या यंत्राची गुणगुण येईल, कोण्या रुग्णाच्या नातेवाइकाच्या चपला येतील, आणि त्याचा संयम असेल तर पंचविसाव्या सेकंदाला अजनीकडील मालगाडी. ती ठेवावी कीं कापावी, हें त्याला सकाळीं ठरवावें लागेल.